निकाल हातात, तरी नोंद जैसे थे

वाचकाचं पत्र, थोडक्यात: महाराष्ट्रातल्या एका औद्योगिक वसाहतीत वडिलांनी सुरू केलेली सुट्या भागांची छोटी प्रायव्हेट लिमिटेड कंपनी एक ताई चालवतात. वडिलांच्या लांबलेल्या आजारपणात तीन वर्षांहून अधिक काळ ताळेबंद आणि वार्षिक विवरणपत्रं भरायची राहून गेली. २०२२ मध्ये कंपनी निबंधक कार्यालयानं, म्हणजे आरओसीनं, कंपनीचं नाव नोंदवहीतून काढून टाकलं. ताईंना हे कळलं ते बँकेनं केवायसीच्या वेळी खातं गोठवलं तेव्हा. त्यांनी राष्ट्रीय कंपनी विधी न्यायाधिकरणाच्या मुंबई खंडपीठाकडे दाद मागितली. वीजबिलं, जीएसटीची विवरणं आणि कामगारांच्या पीएफची चलनं दाखवून कारखाना चालूच होता हे सिद्ध केलं. नाव पूर्ववत करण्याचा आदेश मिळाला. त्याला आता आठ महिने झाले, तरी कंपनी व्यवहार मंत्रालयाच्या पोर्टलवर कंपनीच्या नावापुढे ‘स्ट्राइक ऑफ’ हेच शब्द आहेत. आदेशाची सर्टिफाइड कॉपी कार्यालयात दिल्याची शिक्क्याची पोच त्यांच्याकडे आहे. सीए म्हणतात, फॉर्म भरलाय. कार्यालयातून उत्तर मिळतं, फाइल वर गेलीय. कामगारांचे पगार सध्या घरातून चाललेत. वकील म्हणतात, अवमान याचिका टाकू. सीए म्हणतात, पाण्यात राहून माशाशी वैर नको. धाकटा भाऊ म्हणतो, जुनी कंपनी सोडून नवीन काढू. ताईंनी विचारलंय, “न्यायाधिकरणाचा हुकूम सरकारी अधिकारीच पाळत नसतील तर आम्ही जायचं कुठे? आणि अवमान याचिका केली तर ते पुढे आमच्यावर डूख धरतील का?”

ताई,

तुमचा संताप रास्त आहे, हे आधी सांगते. कंपनी कायदा, २०१३ च्या कलम २५२(२) मध्ये या बाबतीत काही मोघम ठेवलेलं नाही. कंपनीनं आदेशाची प्रत तीस दिवसांच्या आत निबंधकांकडे दाखल करायची. ती मिळाल्यावर निबंधकांनी कंपनीचं नाव नोंदवहीत पूर्ववत करायचं आणि नवं निगमन प्रमाणपत्र, म्हणजे कंपनी नोंदल्याचा दाखला, द्यायचं. न्यायाधिकरणाच्या नियमांतला ८७अ हा नियम त्यापुढे जाऊन आदेश राजपत्रात प्रसिद्ध करायलाही सांगतो. नाव पूर्ववत करावं की नाही, यावर आता निबंधकांनी विचार करायचा नाही. तो विचार न्यायाधिकरणानं दोन्ही बाजू ऐकून केलेला आहे.

तरीही तुमचं पत्र वाचताना मी तीन ठिकाणी थांबले. तुम्ही गृहीत धरलंय की कार्यालय मुद्दाम अडवतंय. वकिलांनी गृहीत धरलंय की अवमान याचिका हाच सगळ्यांत जवळचा रस्ता आहे. सीएंनी गृहीत धरलंय की हक्कानं काही मागणं म्हणजे वैर घेणं. यातलं पहिलं खरं असू शकेल, पण तुमच्या पत्रावरून ते अजून सिद्ध होत नाही. आणि ते सिद्ध होतं की नाही, यावर बाकीचं सगळं अवलंबून आहे.

म्हणून भांडणाआधी एक संध्याकाळ कागदांना द्या. आदेशाची प्रत काढा आणि शेवटचं पान सावकाश वाचा, जिथे ‘आदेश देण्यात येतो की’ असं सुरू होतं ते. बहुतेक आदेशांत नाव पूर्ववत करण्याच्या ओळीसोबत अटी असतात. अमुक इतका खर्च अमुक ठिकाणी भरा, राहिलेले सगळे ताळेबंद आणि विवरणपत्रं विलंब शुल्कासह दाखल करा, प्रत तीस दिवसांत निबंधकांना द्या. प्रत्येक अटीपुढे पेन्सिलीनं लिहा, ती कधी पाळली आणि तिचा पुरावा कुठल्या पानावर आहे. खर्चाची रक्कम भरली असेल तर तिची पावती निबंधकांच्या फाइलला लागली आहे का, की ती तुमच्या वकिलांच्या कपाटातच आहे? अशा एका पावतीपायी महिनेच्या महिने गेलेली प्रकरणं माझ्यासमोर आली आहेत.

त्यानंतर सीएंना ‘फॉर्म भरलाय का’ असं विचारू नका. एसआरएन मागा. न्यायालयाचा किंवा न्यायाधिकरणाचा आदेश निबंधकांना कळवायचा फॉर्म म्हणजे आयएनसी-२८. तो भरला की पोर्टल एक विनंती क्रमांक देतं, तोच एसआरएन. तो क्रमांक टाकून आजची स्थिती स्वतः बघा. तिथे ‘मंजूर’ असेल तर तुमची बाजू भक्कम आहे. ‘प्रलंबित’ असेल तर किती दिवसांपासून, ते टिपून ठेवा. पण तिथे फेरसादरीकरणाचा शेरा असेल, म्हणजे कार्यालयानं काही त्रुटी काढून फॉर्म परत पाठवला असेल, तर गोष्ट वेगळी. त्या त्रुटी दूर करायला साधारण पंधरा दिवस मिळतात. ती सूचना कंपनीच्या नोंदवलेल्या ईमेलवर जाते, आणि तुमच्या कंपनीचा ईमेल कदाचित वडिलांच्या वेळचा, आज कुणीच न उघडणारा असेल. मुदत गेली की फॉर्म बाद होतो, कार्यालयाच्या लेखी आदेश रीतसर दाखलच झालेला नसतो, आणि तुम्ही मात्र आवक शिक्क्याची पोच जपून ठेवलेली असते. ती पोच जपाच, पुढे तिचा फार उपयोग आहे. फक्त आयएनसी-२८ ची जागा ती घेऊ शकत नाही.

तीस दिवसांची मुदत चुकली असेल तरी घाबरायचं कारण नाही. सर्टिफाइड कॉपीच कधीकधी उशिरा हातात पडते. मुदत वाढवून द्यायचा अधिकार न्यायाधिकरणाला नियम १५ नुसार आहे, त्यासाठी छोटा अर्ज पुरतो.

आता एका अडचणीबद्दल जरा सविस्तर लिहिते, कारण अशा पत्रांत ती वारंवार दिसते आणि तुमच्याही प्रकरणात असावी अशी मला शंका आहे. आदेशात लिहिलेलं असतं की राहिलेली विवरणपत्रं भरण्याच्या अटीवर नाव पूर्ववत करावं. कार्यालय त्याचा अर्थ लावतं, आधी सगळी विवरणपत्रं भरा, मग आम्ही स्थिती बदलू. सीए ताळेबंदाचा एओसी-४ भरायला बसतात, तर पोर्टल तो घेतच नाही, कारण कंपनी ‘स्ट्राइक ऑफ’ आहे. कार्यालय पोर्टलकडे बोट दाखवतं, पोर्टल कंपनीच्या स्थितीकडे. यात कुणी हुकूम मोडला असं छातीठोकपणे म्हणता येत नाही आणि हुकूम पाळलाही जात नाही. इथे अवमान याचिका टाकली तर समोरून शपथपत्र येईल की अर्जदारानंच अट पूर्ण केलेली नाही, आणि तुमचे तीन-चार महिने त्यावर युक्तिवाद करण्यात जातील.

याला सोपा उपाय आहे. न्यायाधिकरणाकडे स्पष्टीकरणाचा अर्ज करा. आधी निबंधकांनी कंपनीची स्थिती ‘अ‍ॅक्टिव्ह’ करावी आणि त्यानंतर इतक्या दिवसांत कंपनीनं राहिलेली विवरणपत्रं भरावीत, एवढा क्रम लिहून मागा. आदेशातली उघड चूक दुरुस्त करायला कलम ४२०(२) दोन वर्षांची मुदत देतं, आणि नियम ११ खाली न्यायाधिकरणाचे अंगभूत अधिकार आहेतच. याच अर्जात बँकेबद्दलही मागणी घाला. नाव कधी काढलंच गेलं नव्हतं अशा स्थितीत कंपनीला आणि इतर सर्वांना शक्य तितकं परत नेण्यासाठी निर्देश द्यायचा अधिकार कलम २५२(३) न्यायाधिकरणाला देतं. खातं खुलं करण्याबद्दल दोन ओळी आदेशात आल्या तर शाखाधिकाऱ्यांना वरिष्ठांकडे विचारत बसावं लागत नाही.

समजा, कागद तपासल्यावर तुमच्या बाजूनं काहीच राहिलेलं नाही असं दिसलं. अटी पाळलेल्या, फॉर्म दाखल, पोच हातात. तर मग चित्र पालटतं.

कार्यालयातून कदाचित तोंडी सांगितलं जाईल की आम्ही अपील करणार आहोत, वरून मत मागवलंय. त्याला एवढं उत्तर पुरे: न्यायाधिकरणाच्या आदेशाविरुद्ध राष्ट्रीय कंपनी विधी अपील न्यायाधिकरणाकडे जायला कलम ४२१ खाली आदेशाची प्रत मिळाल्यापासून ४५ दिवस मिळतात. सबळ कारण असेल तर आणखी जास्तीत जास्त ४५. आठ महिन्यांत ही मुदत केव्हाच टळली. इथे तुमची ती शिक्क्याची पोच कामी येते, कारण प्रत त्यांना कोणत्या तारखेला मिळाली ते तिच्यावर आहे. आणि अपील झालेलं असलं तरी नुसत्या अपिलानं आदेश थांबत नाही, स्थगिती लागते. उत्पादन शुल्क खात्याच्या कमलाक्षी फायनान्स प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं १९९१ मध्ये हे स्पष्ट केलं. ते प्रकरण आपल्या मुंबई उच्च न्यायालयातूनच वर गेलं होतं. वरच्या प्राधिकरणाचा आदेश खात्याला मान्य नाही किंवा त्यावर अपील केलंय, एवढ्यावर खालच्या अधिकाऱ्यानं तो बाजूला ठेवायचा नसतो.

त्याहून जुना एक निकाल भोपाळच्या साखर कारखान्याचा आहे, १९६० सालचा. आयकर अपील न्यायाधिकरणानं आयकर अधिकाऱ्याला कारखान्याच्या उसाची किंमत कशी काढायची याचे निर्देश दिले होते. अधिकाऱ्यानं ते मानले नाहीत. कारखाना रिट घेऊन गेला, तर खालच्या न्यायालयानं अधिकाऱ्यानं आदेश डावलला हे मान्य केलं, पण त्यातून मोठा अन्याय झालेला नाही म्हणत रिट नाकारली. सर्वोच्च न्यायालयानं ते फिरवलं. न्यायाधिकरणाचा निर्देश अधिकाऱ्यानं पाळायला नकार देणं हाच न्याय नाकारणं आहे आणि अशा वेळी परमादेश, म्हणजे कर्तव्य पार पाडण्याचा हुकूम, दिलाच पाहिजे, असं सांगितलं. तुमच्या वकिलांना हे दोन्ही निकाल माहीत असतील. नसतील तर मिळवायला सांगा. ‘आम्ही कुठे जायचं’ या तुमच्या प्रश्नाचं उत्तर साठ वर्षांपूर्वीच दिलं गेलंय.

पण जायचं ते क्रमानं. पहिलं पाऊल लेखी मागणीचं. फोन, मध्यस्थ आणि ‘साहेबांना भेटून आलो’ यांची कुठेही नोंद राहत नाही. कंपनीच्या लेटरहेडवर निबंधकांच्या पदनामानं एक पानी पत्र लिहा. त्यात तक्रारीचा सूर नको, तारखा हव्यात. साधारण असं: ‘न्यायाधिकरणाच्या अमुक तारखेच्या, अमुक क्रमांकाच्या आदेशातील परिच्छेद अमुकनुसार कंपनीचे नाव पूर्ववत करण्याचे निर्देश आहेत. आदेशाची प्रमाणित प्रत आपल्या कार्यालयास अमुक तारखेस मिळाली आहे. आयएनसी-२८ अमुक एसआरएननुसार अमुक तारखेस दाखल आहे. आदेशातील सर्व अटींची पूर्तता केल्याचा तक्ता सोबत जोडला आहे. आदेशास स्थगिती असल्याचे आम्हास कळविण्यात आलेले नाही. तरी हे पत्र मिळाल्यापासून पंधरा दिवसांत नाव पूर्ववत करावे, किंवा ते न करण्याचे कारण लेखी कळवावे.’ यातलं शेवटचं वाक्य सगळ्यांत महत्त्वाचं. उत्तर आलं तर नेमकी अडचण कळते. उत्तर आलं नाही तर ते मौनच पुढे तुमचा पुरावा होतं. प्रत प्रादेशिक संचालकांना पाठवा, कारण निबंधक त्यांच्या देखरेखीखाली काम करतात. पत्र स्पीड पोस्टनं आणि ईमेलनं, दोन्हींनी पाठवा.

त्याच दिवशी दहा रुपयांचा माहिती अधिकाराचा अर्जही टाका. मात्र ‘आमच्या कंपनीचं काय झालं’ असं विचारलंत तर पोर्टलवर बघा असं उत्तर येईल. त्याऐवजी पोर्टलवर नसतं ते मागा: तुमचा आदेश आवक झाल्यापासून फाइलवर झालेल्या टिपण्यांच्या प्रती, फाइल सध्या कुठल्या पदावरच्या अधिकाऱ्याकडे आणि कधीपासून आहे, आणि या आदेशावर अपील केलं आहे का. उत्तराला तीस दिवसांची मुदत आहे. ‘फाइल वर गेलीय’ म्हणजे कुणाच्या टेबलावर, हे या टिपण्यांतून कळतं.

पंधरा दिवसांत हालचाल झाली नाही तर माझं मत दरखास्तीच्या बाजूनं आहे. दिवाणी कोर्टात हुकूमनामा मिळाल्यावर अंमलबजावणीसाठी दरखास्त लावतात, हे गावाकडच्या जमिनीच्या दाव्यांमुळे आपल्याकडे घरोघरी माहीत आहे. न्यायाधिकरणाचा आदेशही तसाच अमलात आणता येतो. कलम ४२४(३) सांगतं की न्यायाधिकरण आपला आदेश दिवाणी न्यायालयाच्या हुकूमनाम्यासारखाच अमलात आणू शकतं. या अर्जात तीन गोष्टी मागा: ठरावीक दिवसांत नाव पूर्ववत करण्याचा निर्देश, ते केल्याचं निबंधकांचं शपथपत्र, आणि तरीही न झाल्यास अवमानाची कारवाई मागण्याची मोकळीक. इथे कुणाची नियत सिद्ध करावी लागत नाही. आदेश आहे, तो पाळला गेलेला नाही, एवढं दाखवलं की पुरतं. कार्यालयाच्या वकिलालाही खंडपीठासमोर उभं राहून ‘करतो’ म्हणणं सोपं जातं, कारण त्यात कुणाही अधिकाऱ्याच्या सेवापुस्तकाला धक्का नसतो. पहिल्या-दुसऱ्या तारखेलाच पोर्टलवरची स्थिती बदलण्याची शक्यता यात सर्वांत जास्त.

आता अवमानाबद्दल. तुमचे वकील चुकीचं सांगत नाहीत. कलम ४२५ न्यायाधिकरणाला स्वतःच्या अवमानाबाबत उच्च न्यायालयाइतकेच अधिकार देतं. अवमान कायदा, १९७१ खाली सहा महिन्यांपर्यंत साधी कैद किंवा दोन हजार रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही होऊ शकतात. पण या कायद्यात अवमान म्हणजे आदेशाची जाणूनबुजून केलेली अवज्ञा. उशीर, गोंधळ, बदली झालेले अधिकारी, संदिग्ध आदेश यांतलं काहीही पुढे करून समोरची बाजू त्यातून सुटू शकते. आणि मनापासून मागितलेली माफी व आदेशाची पूर्तता समोर आली की बहुतेक वेळा प्रकरण मिटतं. अधिकाऱ्यांना ऊठसूट जातीनं हजर राहायला लावू नये असं सर्वोच्च न्यायालयानं जानेवारी २०२४ मध्ये बजावून त्यासाठी कार्यपद्धतीही घालून दिली, त्यामुळे साहेब खंडपीठासमोर मान खाली घालून उभे आहेत हे चित्र डोळ्यांपुढून काढून टाका. तुम्हाला हवंय ते कंपनीचं नाव, साहेबांची शिक्षा नव्हे.

मग अवमान याचिका करायचीच नाही का? करायची, पण पत्र गेलं, दरखास्त लागली, निर्देश मिळाला आणि तरीही काही हललं नाही तर. तेव्हा ‘जाणूनबुजून’ हा शब्द तुम्हाला सिद्ध करत बसावा लागणार नाही, तुमच्या फाइलमध्येच तो दिसेल. एक गोष्ट मात्र आजच कॅलेंडरवर लिहून ठेवा. अवमान कायद्याच्या कलम २० नुसार अवमान घडल्यापासून एक वर्षाच्या आत अर्ज दाखल व्हावा लागतो. अवमान कोणत्या दिवशी घडला यावर वकील वाद घालू शकतात, रोज नव्यानं घडतोय असंही म्हणू शकतात. तुम्ही त्या वादावर विसंबू नका. प्रमाणित प्रत कार्यालयात पोचली त्या तारखेपासून वर्ष मोजा. तुमच्याकडे निदान चार महिने उरलेत. पत्राला पंधरा दिवस, दरखास्तीला दोन महिने, आणि तेवढ्यात झालं नाही तर मुदतीच्या आत अवमान अर्ज, असा हिशेब बसतो. दरखास्त चालू आहे म्हणून हे वर्ष थांबत नाही, हे वकिलांना स्पष्ट विचारून घ्या.

उच्च न्यायालयात अनुच्छेद २२६ खाली रिट करून परमादेश मागण्याचा मार्गही खुला आहे, कारण निबंधकांचं हे कर्तव्य थेट कायद्यानं घालून दिलेलं आहे. पण न्यायाधिकरणाकडे दाद मागायची सोय असताना इथे का आलात, हा प्रश्न न्यायमूर्ती विचारतील. खंडपीठ बसतच नसेल, तारखा फार लांबच्या मिळत असतील, किंवा कार्यालयानं लेखी नकारच दिला असेल, तर त्या प्रश्नाला उत्तर आहे. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्गच्या वाचकांसाठी ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झालंय. मात्र तुमच्या प्रकरणात ते चालेल का, हे कारण कुठे घडलं आणि कार्यालय कुठे आहे यावर ठरेल, वकिलांकडून तपासून घ्या. साध्या दिवाणी न्यायालयात दावा टाकायच्या फंदात मात्र पडू नका, कलम ४३० नं ती वाट बंद केलीय.

आता माशाशी वैर. तुमच्या सीएंची भीती मी हसण्यावारी नेत नाही. त्यांना त्या कार्यालयात बाकी पन्नास अशिलांची कामं करायची असतात. पण त्यांची अडचण ती तुमची अडचण नव्हे. तुमच्या कंपनीचा निबंधक कार्यालयाशी वर्षभरात संबंध किती येतो? ताळेबंद आणि वार्षिक विवरण हे फॉर्म आता कुणा अधिकाऱ्याच्या मंजुरीसाठी थांबत नाहीत, ऑनलाइन भरले की थेट नोंदीला लागतात. चौकशीचे आणि तपासणीचे अधिकार निबंधकांना आहेत, पण त्यांनाही कारण, नोटीस आणि उत्तराची संधी लागते. सुडानं नोटीस आली तर तिच्याआधीची दरखास्त आणि पत्रव्यवहार तुमच्याच बाजूनं बोलेल. शिवाय सरकारी कार्यालयात न्यायाधिकरणाचा स्पष्ट निर्देश अनेकदा अधिकाऱ्यालाच हवा असतो. संदिग्ध आदेशावर स्वतःच्या जबाबदारीनं सही करण्यापेक्षा ‘खंडपीठानं अमुक तारखेपर्यंत सांगितलंय’ असा शेरा मारून सही करणं त्याला सुरक्षित वाटतं. सीएंना अर्जावर सही करायची नसेल तर आग्रह धरू नका, त्यांच्याकडून फक्त एसआरएन, चलनं आणि अटींचा तक्ता घ्या.

भावाच्या सल्ल्यात मात्र मला खरा धोका दिसतो. सलग तीन आर्थिक वर्षं विवरणपत्रं भरली गेली नाहीत तर कलम १६४(२) खाली संचालक पाच वर्षांसाठी अपात्र ठरतात, दुसऱ्या कंपनीवरही त्यांची नेमणूक होऊ शकत नाही. तुमच्या दोघांच्या डीआयएनची, म्हणजे संचालक ओळख क्रमांकाची, स्थिती पोर्टलवर आजच बघा. नवी कंपनी काढायला गेलात आणि तिथेच अडकलात असं व्हायला नको. कंपनीचं नाव पूर्ववत झालं म्हणून ही अपात्रता आपोआप उठेल असंही धरून चालू नका. तिचा विचार वकिलांना वेगळा करावा लागेल. शिवाय शेड, यंत्रं, बँकेतली शिल्लक आणि कामगारांची देणी सगळं जुन्या कंपनीच्या नावावर आहे. ती कंपनी कागदावर मेलेली ठेवून हे काहीच नव्या नावावर नेता येणार नाही.

पैशांचंही मन घट्ट करून ऐका. १ जुलै २०१८ पासून ताळेबंदाच्या आणि वार्षिक विवरणाच्या प्रत्येक फॉर्ममागे उशिराच्या प्रत्येक दिवसाला शंभर रुपये ज्यादा शुल्क आहे. एका फॉर्मचा एक वर्षाचा उशीर म्हणजे ३६,५०० रुपये, दोन फॉर्मचे ७३,०००. जितकं जुनं वर्ष तितका आकडा मोठा, त्यामुळे सगळी वर्षं मिळून रक्कम सहज कित्येक लाखांत जाते. सीएंकडून तो तक्ता आजच करून घ्या. हे शुल्क मागणं म्हणजे कार्यालयाचा अडवणुकीचा डाव नव्हे, ते कायद्यानं लागतंच. स्थिती ‘अ‍ॅक्टिव्ह’ झाल्या दिवसापासून आदेशातली तुमची मुदत सुरू होईल, आणि तेव्हा पैशांची जमवाजमव नसेल तर आदेश न पाळणाऱ्यांत तुमचं नाव येईल. खातं गोठलेलं असताना ही रक्कम कुठून उभी करायची, हाही स्पष्टीकरणाच्या अर्जात मांडण्याजोगा मुद्दा आहे. राहिलेली विवरणपत्रं आणि शुल्क यांच्यापुरते त्याच खात्यातले पैसे वापरू द्यावेत, अशी मागणी करता येते.

असंच पत्र लिहायच्या विचारात असलेल्या इतर वाचकांसाठी एक गोष्ट. तुमचा आदेश विलीनीकरणाचा असो, भागधारकांच्या नोंदवहीतल्या दुरुस्तीचा असो की संचालकाच्या नोंदीचा, तो कुणाला उद्देशून आहे हे आधी बघा. जे कार्यालय किंवा बँक त्या प्रकरणात पक्षकारच नव्हती, तिच्यावर अवमानाचा आरोप टिकवणं अवघड जातं. तिच्यासाठी त्याच न्यायाधिकरणाकडून स्वतंत्र निर्देश मागून घेणं जास्त शहाणपणाचं.

ताई, उद्या सकाळी सीएंकडून एसआरएन घ्या आणि परवापर्यंत ते एक पानी पत्र पाठवा. स्थिती बदलली की स्क्रीनचा फोटो काढून थांबू नका. नवं निगमन प्रमाणपत्र मागून घ्या, राजपत्रातल्या प्रसिद्धीची प्रत घ्या, आणि दोन्ही अर्जासोबत बँकेच्या शाखेत देऊन त्यावरही पोच घ्या. पुढच्या पगाराची तारीख तुमच्या डोळ्यांपुढे आहे हे मला माहीत आहे. दरखास्तीत तीही लिहा, किती कामगार आहेत आणि किती महिने पगार घरातून दिलाय ते. लवकरची तारीख मागताना खंडपीठासमोर याहून सबळ कारण तुमच्याकडे दुसरं नाही.